वाघोबा खिंडीतले पाणी

मनोरहून पालघरकडे जाणारा रस्ता वाघोबा खिंडीत चढतो, तिथे पावसाळ्यात काळदुर्गाच्या डोंगरातून पाणी कोसळते. पर्यटनवर्णनांत त्याला ‘वाघोबा धबधबा’ म्हणतात. पुढे ‘फेसाळणारा’, ‘शुभ्र’, ‘मनमोहक’ ही ठरलेली विशेषणे. तीच गिरसप्प्याला लावा, दूधसागरला लावा, काही बिघडत नाही. ज्या शब्दाने हा धबधबा वेगळा ठरतो, तो ‘वाघोबा’ मात्र या लेखनात कुठेच उलगडत नाही.

दूधसागरला स्वतःची दंतकथा आहे, गिरसप्प्याच्या धारांना राजा, राणी अशी नावे आहेत. इथल्या पाण्याने नाव उसने घेतले: धबधब्याने खिंडीकडून, खिंडीने देवाकडून. निसर्गाच्या हिशेबानेही ते रास्तच. सह्याद्रीच्या मुख्य रांगेपासून सुटलेल्या या टेकड्यांना पाणलोट तो केवढा! पाऊस सरला की काळा कातळ कोरडा पडू लागतो. देव बारमाही.

वाघोबा हा वारल्यांचा आणि या पट्ट्यातल्या इतर आदिवासींचाही देव. लाकडी फळीवर किंवा दगडावर कोरलेला वाघ, सोबत सूर्य-चंद्र. ‘वाघ’ म्हणताना इथे बिबट्याही आलाच, आणि आज मुख्यतः तोच उरला आहे. रम्या नायर, विद्या अत्रेय आदींनी २०२१ साली प्रसिद्ध केलेल्या अभ्यासात मुंबई उपनगर, ठाणे आणि पालघर मिळून वाघोबाची १५० ठाणी नोंदली आहेत. ठरलेले विधी केले तर वाघोबा माणसांना आणि गुरांना सांभाळतो, ही त्यामागची समजूत. याला नुसती भीती म्हणणे मला अपुरे वाटते. हा शेजाऱ्याशी केलेला करार आहे, आणि तो दर वर्षी नव्याने करावा लागतो. अश्विन वद्य द्वादशीला शहरात वसुबारस असते, गायवासराची पूजा. त्याच तिथीला पाड्यांवर वाघबारस. दिवाळी अंकाच्या वाचकाला पहिली ठाऊक असते, दुसरी क्वचितच.

वारली मराठी वाचकाला भेटले ते गोदावरी परुळेकरांच्या ‘जेव्हा माणूस जागा होतो’मधून, वेठीविरुद्ध उभे राहताना, नंतर जिव्या सोमा म्हसे यांच्या चित्रांतून. धबधब्यांच्या लेखनाला या दोन्हींचा वारा लागलेला नाही. त्यात खिंड म्हणजे गाडी लावायची जागा. वास्तविक खिंडीतच ठाणे असण्याला माझ्या मते अर्थ आहे: डोंगर ओलांडायला माणसालाही हीच वाट आणि जनावरालाही. एका बाजूला पालघरचे रेल्वे स्टेशन, दुसऱ्या बाजूला मनोरचा महामार्ग, तरी मधली ही वाट सामाईकच राहिली आहे. दिवाळीनंतर, पाणी आटल्यावरही, इथून जाणारे ड्रायव्हर देवळापाशी गाडी हळू करतात आणि हात जोडतात.