बुधाच्या डोंगरावर गाव कुठे आहे?

गो. नी. दांडेकरांची ‘माचीवरला बुधा’ ट्रेक करणाऱ्या आयटीवाल्यांना शुक्रवारी संध्याकाळी हमखास आठवते. म्हातारा बुधा मुंबई सोडतो, राजमाचीवर परततो आणि झाडांत, मुक्या जनावरांत रमतो. राजीनामा न देता राजीनाम्याचं सुख देणारं पुस्तक म्हणून आम्ही ते वाचतो.

हे वाचन गोनीदांवर अन्याय करतं. डोंगरातलं जगणं कष्टाचं असतं हे त्यांना पायी हिंडून माहीत होतं. त्यांची मावळी बोली गोड वाटते, पण ती हात कामात असलेल्या माणसांची बोली आहे.

माझी तक्रार दुसरीच आहे. चिंचपोकळीत राहून ‘गाव’ हा शब्द एका माणसापुरता वाचता येत नाही. गिरणगावात एकाच गावचे पुरुष एका गाळ्यात दाटीवाटीनं राहत, पाळीपाळीनं झोपत, खानावळीत जेवत. त्यांच्या मनीऑर्डरीवर गावचं घर शाकारलं जाई. मागची शेती, पाणी, म्हातारी माणसं बायका सांभाळत. डोंगर आणि गिरणी या एकाच संसाराच्या दोन चुली होत्या. 18 जानेवारी 1982ला संप सुरू झाला आणि मुंबईची चूल विझली. तेव्हा कित्येक कामगार गावी परतले, पण बुधासारखे ओढीनं नव्हे. इथं भागेना म्हणून.

बुधाचा एकांत हा कादंबरीचा प्राण आहे आणि तिची मर्यादाही. ‘पवनाकाठचा धोंडी’ अधिक खरी वाटते ती यामुळेच. तुंग किल्ल्याच्या हवालदारकीचा मान, घरची नाती, गावचे डोळे हे सगळं धोंडीच्या मानेवर असतं. डोंगर तोच सह्याद्रीचा, पण त्यावर माणसांना एकमेकांना सोसावं लागतं. बुधाला त्यातून सूट मिळाली आहे. वाचकालाही मिळते, म्हणून तो जास्त आवडतो.

आज राजमाचीच्या उधेवाडीत पावसाआधी काजवे पाहायला झुंबड उडते. रात्री ताटात पिठलं-भाकरी येते. ती कोणी थापली, पाणी कुठून आणलं, घरातला पोरगा कुठल्या शहरात कामाला आहे, हे विचारायला बुधा शिकवत नाही. त्याच्यासोबत माची जरूर चढावी. उतरताना मात्र सॅकमध्ये धोंडी असावा.