काळी पट्टी निघाल्यावर

आपल्या मंडळात डॉक्टरांची वानवा नाही. त्यांना विद्यार्थिदशेतल्या पाठ्यपुस्तकांतली ती छायाचित्रे आठवत असतील: भिंतीशी उभे केलेले उघडे शरीर आणि डोळ्यांवर काळी पट्टी. पट्टीने ओळख लपते म्हणतात. खरी सोय होते ती पाहणाऱ्याची. समोरचे माणूस आपल्याकडे उलट पाहू शकत नाही.

जन्मतः ज्यांचे शरीर स्त्री वा पुरुष या ठरीव साच्यांत पुरते बसत नाही, त्या इंटरसेक्स व्यक्ती कॅमेऱ्यापुढे आल्या त्या बहुधा अशाच. १८६० मध्ये पॅरिसच्या नादारने वैद्यकीय अभ्यासासाठी अशा एका व्यक्तीची छायाचित्रे काढली. नादार म्हणजे चेहऱ्यांचा जादूगार. पण इथे त्यालाही चेहऱ्याशी कर्तव्य नव्हते.

डेल लाग्रेस व्होल्केनो यांनी हे नाते उलटे केले. जन्म १९५७, कॅलिफोर्निया, स्वतः इंटरसेक्स. (‘ते’ म्हणावे की ‘त्या’? आपल्या आदरार्थी बहुवचनालाही हे आधी ठरवून हवे असते!) ‘सब्लाइम म्यूटेशन्स’ (२०००) या त्यांच्या पुस्तकातली माणसे त्यांच्याच वर्तुळातली. आपण कसे दिसायचे, यात त्या माणसांचाही शब्द असतो. म्हणून ती यजमानासारखी आपल्याकडे पाहतात. पाहुणे आपण असतो.

प्रश्न नग्नतेचा नाहीच. जेनी सॅव्हिल यांच्या ‘मेट्रिक्स’ (१९९९) या भव्य चित्रासाठी व्होल्केनो यांनी स्वतः बैठक दिली. तिथले शरीर पाठ्यपुस्तकापेक्षाही उघडे आहे. तरी ते केविलवाणे वाटत नाही, कारण दाखवायचे की नाही हे ज्याचे शरीर त्याने ठरवले आहे.

एक उणीव मात्र जाणवते. व्होल्केनो यांची बरीच छायाचित्रे नाट्यमय आहेत: पोशाख, पवित्रा, आव्हान. सकाळी डबा घेऊन कामावर जाणारे साधे इंटरसेक्स माणूस मला त्यांत फारसे भेटले नाही. दिसण्यासाठी इतक्या धिटाईची अट कशाला?

शिवाय, होकार द्यायला माणूस आधी मोठे व्हावे लागते. तान्ह्या बाळांवरच्या अनावश्यक शस्त्रक्रियांविरुद्ध २६ ऑक्टोबर १९९६ रोजी बॉस्टनमध्ये बालरोगतज्ज्ञांच्या परिषदेबाहेर निदर्शने झाली. तामिळनाडूने २०१९ मध्ये, जिवाला धोका असेल ते प्रसंग वगळून, अशा शस्त्रक्रियांवर बंदी घातली. या छायाचित्रांचे सांगणेही तेच: आधी विचारा.

आपल्याकडे बाळ जन्मल्याचा फोन गेला की पलीकडून पहिला प्रश्न येतो, ‘मुलगा की मुलगी?’ एखाद्या घरी त्याचे उत्तर लगेच देता आले नाही, तर ‘बाळ सुखरूप आहे’ एवढ्यावर आपण थांबू शकू का?