राख न उरणारी भट्टी

कारेल चापेक हे नाव आपल्याकडे बहुधा एका शब्दापुरते ठाऊक असते. १९२० साली त्यांनी लिहिलेल्या 'आर. यू. आर.' या नाटकातून 'रोबो' हा शब्द जगभर गेला, आणि त्या एका शब्दाच्या प्रसिद्धीखाली या चेक लेखकाचे बरेचसे लेखन झाकले गेले. 'तोवार्ना ना अब्सोलुत्नो' ही १९२२ सालची कादंबरी त्यांपैकीच एक होय. 'लिदोव्हे नोविनी' या वृत्तपत्रात ती प्रथम क्रमशः आली. १९२७ साली 'द ॲब्सोल्यूट ॲट लार्ज' या नावाने ती इंग्रजीत उतरली. एका काल्पनिक ऊर्जायंत्राची ही कथा आहे. तिला विज्ञानकथा म्हणावे की नाही, यावर आम्ही वेळ दवडणार नाही.

प्रागच्या ब्रेवनोव भागात, एका तळघरात, मारेक नावाच्या अभियंत्याने 'कार्बुरातोर' हे यंत्र बनवले आहे. साधी भट्टी कोळसा जाळते, राख उरवते आणि कोळशातली बहुतेक शक्ती तशीच सोडून देते. मारेकचे यंत्र कोळशाचा अणू नि अणू नाहीसा करते. कल्पनेचे मूळ १९०५ सालच्या आइन्स्टाइनच्या समीकरणात आहे. एक किलो कोळसा जाळला तर सात-आठ युनिट उष्णता मिळते. तोच किलो समूळ ऊर्जेत बदलता आला, तर हिशेब सुमारे अडीच हजार कोटी युनिटांवर जातो. आजच्या अणुभट्टीतही इंधनाच्या वस्तुमानाचा जेमतेम हजारावा अंश ऊर्जा होतो. कादंबरीची सुरुवात १ जानेवारी १९४३ या दिवशी होते. प्रत्यक्षात शिकागो येथे पहिली नियंत्रित अणुशृंखला साधली ती २ डिसेंबर १९४२ रोजी. या योगायोगाला भविष्यवाणी म्हणण्याचा मोह आम्हांस नाही. चापेक डिसेंबर १९३८ मध्येच निवर्तले होते.

त्यांना भौतिकशास्त्रात रस होता तो एका खोडकर प्रश्नापुरता. चराचरात ईश्वर भरला आहे असे तत्त्वज्ञ म्हणतात. मग जड द्रव्य पूर्णपणे नष्ट केले तर मागे काय उरेल? मारेकच्या भट्टीतून राख निघत नाही, परमेश्वर निघतो. कारखान्याच्या धुराड्यातून धूर निघावा तितक्या सहजतेने. यंत्राजवळ जाणाऱ्याला एकाएकी पावित्र्य जाणवते, तो जमिनीवरून अधांतरी उचलला जातो, भविष्य सांगू लागतो, जवळचे सगळे वाटून टाकतो. मारेक स्वतः जडवादी. हे पावित्र्य सोसवेना म्हणून तो यंत्र विकायला काढतो. उद्योगपती बोंडी स्वतः तळघरात उतरतो, ते सारे अनुभवतो, भयभीत होतो आणि तरीही सौदा करतो. आमच्या मते कादंबरीतले सर्वांत धारदार प्रकरण हेच. ईश्वराचे दर्शन झाल्यावरही ज्याला बाजारभाव दिसत राहतो, असा माणूस चापेक यांनी एकही उपदेशपर वाक्य न लिहिता उभा केला आहे. १९३६ सालच्या 'वॉर विथ द न्यूट्स' या कादंबरीतही हाच बोंडी परत येतो, तो उगाच नव्हे.

शीर्षकातल्या 'अब्सोलुत्नो'साठी मराठीत आम्ही 'केवल' हा शब्द योजू. 'देव' म्हटले की भक्ती आली, 'ब्रह्म' म्हटले की वेदान्त आला. चापेक यांनी शाळेतल्या तत्त्वज्ञानाचा कोरडा शब्द निवडला आहे, आणि त्या कोरडेपणातच विनोद आहे. आपल्या वाचकास येथे 'अमृतानुभव' आठवल्यावाचून राहणार नाही. ज्ञानेश्वरांच्या लेखी जग हा चैतन्याचाच विलास. ते चैतन्य प्रकट व्हावे म्हणून जगाचा एक कणही मोडावा लागत नाही. कार्बुरातोर नेमके उलट करतो. तो केवलाला वस्तूपासून तोडतो, आणि वस्तूपासून तुटलेले हे केवल माणसांत मोकाट सुटते. या कादंबरीला धर्माची टवाळी म्हणणारे टीकाकार हा भेद लक्षात घेत नाहीत, असे आम्हांस वाटते. टवाळी आहे ती केवलाला वेगळे काढून नळातून पुरवू पाहणाऱ्या व्यवहाराची.

पुढे केवल स्वतःच कारखाने चालवू लागते. वस्तूंचे उत्पादन अमर्याद होते. टाचण-खिळ्यांचे डोंगर उभे राहतात. मात्र निर्माण करणे केवलाला जमते, वाटप करणे जमत नाही. ज्याला किंमतच नाही ते गाडीत भरून कोण नेणार? विपुलतेतच उपासमार सुरू होते. तेव्हा लोकांना जगवतो कोण, तर शेतकरी, आणि तोही औदार्याने नव्हे. तो धान्य फुकट देत नाही. अडवून, घासाघीस करून, चढ्या भावाने विकतो, आणि म्हणूनच ते शहरात पोहोचते. अर्थशास्त्राच्या ग्रंथांनी सांगावे ते चापेक यांनी येथे दोन-चार पानांत सांगितले आहे. फुकट विजेची आश्वासने ऐकण्याची सवय झालेल्या आजच्या वाचकाने ही पाने जरूर वाचावीत.

उत्तरार्ध मात्र सैल आहे. क्रमशः लेखनाची घाई त्यात दिसते. तेराव्या प्रकरणात निवेदक स्वतःच वाचकांची क्षमा मागतो. ती युक्ती गमतीची असली तरी वीण विसविशीत झाल्याचे त्याने लपत नाही. नदीतला गाळ उपसणाऱ्या बोटीवर कुझेंडाचा पंथ, जत्रेतल्या पाळण्यावर बिंडरचा. दोन्ही ठिकाणी केवल तेच, तरी वैर असे की मारामारी अटळ. हे वाचून आम्हांस हसू आले. मराठी घरे मोजकी आणि मंडळे त्याहून अधिक, असली गावे आमच्या वाचकांना ठाऊक आहेत! प्रत्येकाच्या हाती केवलाचा एकेक तुकडा लागतो आणि प्रत्येकजण तोच पूर्ण समजून बसतो. त्यातून १९४४ ते १९५३ पर्यंतचे महायुद्ध पेटते; १९ कोटी ८० लाख लढतात, १३ उरतात. हा आकडा एका वाक्यात सांगितला आहे, आणि तो तसाच परिणामकारक आहे. लढायांची जंत्री मात्र पुनरुक्तीने कंटाळवाणी होते. सम्राट बनलेल्या बोबिने या फ्रेंच तोफखाना-अधिकाऱ्याचे प्रकरण निम्मे कापले असते तरी चालले असते.

चापेक यांनी १९१८ साली व्यवहारवादी तत्त्वज्ञानावर पुस्तक लिहिले होते. संपूर्ण सत्याविषयीचा त्यांचा संशय तेथला आहे. पहिल्या महायुद्धाने तो पक्का केला असावा. शेवटच्या प्रकरणात जुने वैरी एका खानावळीत बसतात. यंत्रे संपली, पंथ विरले. माणूस दुसऱ्याच्या देवावर विश्वास ठेवत नाही, इतकेच नव्हे तर दुसऱ्या माणसावरही ठेवत नाही, अशा गप्पा चालतात आणि मधूनच सॉसेजची चव कशी आहे यावर मतभेद होतात. कोणा मराठी भाषांतरकाराने हे पान हाती घेतले, तर सॉसेज आणि आंबवलेली कोबी यांच्या जागी आपले पिठले-भाकरी आणून ठेवू नये. त्या खानावळीतला वास प्रागचाच राहिला पाहिजे.