एक मिलिमीटरची मर्यादा

कवटीच्या दोन्ही बाजूंना अणकुचीदार खिळे रोवायचे, त्यांना दोरी बांधायची, दोरी कप्पीवरून खाली सोडून तिला वजनं अडकवायची आणि मान ओढायची. एवढं ऐकलं तरी अंगावर काटा येतो. अपघातात मानेचा मणका सरकलेल्या रुग्णाचे नातेवाईक वॉर्डात येतात आणि ‘डोक्याला वजन लावलंय’ हे बघून दारातच थबकतात. त्यांची भीती स्वाभाविक आहे. पण हेच उपकरण जवळ जाऊन, त्याचा एकेक भाग समजून घेत पाहिलं, की त्यातला विलक्षण समंजसपणा दिसू लागतो. गार्डनर-वेल्स टाँग्ज हे त्याचं नाव. स्क्रू, स्प्रिंग आणि मायक्रॉनची मापं यांवर जिथे हजारो घरं चालतात, त्या चाकणमध्ये या उपकरणाचं रसग्रहण व्हायला हवं. त्याचं सौंदर्य ओळखणारी नजर इथे आधीपासूनच तयार आहे.

आधी दुखापत समजून घेऊ. मानेत सात मणके असतात आणि त्यांच्या पोकळीतून मज्जारज्जू खाली उतरतो. प्रत्येक मणक्याच्या मागच्या अंगाला दोन छोटे सांधे असतात. वरच्या मणक्याचा सांध्याचा भाग खालच्याच्या मागे बसलेला असतो, म्हणून मान वाकली तरी मणके रांग सोडत नाहीत. दुचाकीवरून माणूस डोक्यावर आपटला, शेडच्या पत्र्यावरून किंवा झाडावरून खाली आला, की कधी कधी हा वरचा भाग उसळून पुढे जातो आणि तिथेच अडकतो. पोकळी अरुंद होते, रज्जू दाबला जातो. मानेचे स्नायू आखडून मणक्यांना त्याच चुकीच्या जागी घट्ट धरून ठेवतात. आता सांधा सोडवायचा तर मान तिच्याच रेषेत, हळूहळू, मापून ओढायला हवी. प्रश्न एकच उरतो: धरायचं कुठे?

हा प्रश्न फार जुना आहे. सुश्रुतसंहितेच्या चिकित्सास्थानात मान वळली किंवा आत दबली असेल तर काय करावं, याची स्पष्ट सूचना आहे. मानेच्या मागच्या बाजूला आणि हनुवटीखाली धरून रुग्णाला वर उचलावं, मग पट्ट्या लावून वस्त्राने बांधावं आणि सात रात्री उताणं झोपवावं. ओढणं, आधार देणं, स्थिर ठेवणं हा तीन पायऱ्यांचा क्रम आजही बदललेला नाही. विसाव्या शतकातही बराच काळ हनुवटीखालून चामड्याचा किंवा कापडाचा पट्टा घालूनच मान ओढली जाई. पण जबड्यावर जास्त भार सोसवत नाही, त्वचा सोलवटते, खाणंपिणं अवघड होतं. १९३३ मध्ये अमेरिकेतल्या रिचमंडचे डॉ. गेल क्रचफिल्ड यांच्यापुढे मान निखळलेली अशी रुग्ण आली, की तिचा जबडाच मोडलेला होता. पट्टा बांधायला जागाच नव्हती. त्यांनी थेट कवटीचं हाड धरलं. डोक्याच्या वरच्या भागात दोन छोटी भोकं पाडून त्यांत चिमट्याची टोकं बसवली आणि त्या चिमट्याला वजन लावलं. क्रचफिल्ड टाँग्ज पुढे जगभर गेल्या. त्यांचे दोष मात्र राहिलेच. ड्रिल लागायचं, आणि टोकं डोक्याच्या माथ्याजवळ असल्यामुळे चिमटा निसटण्याची धास्ती कायम असायची.

या दोन्ही दोषांना उत्तर देणारं उपकरण क्लीव्हलंडचे मेंदूशल्यविशारद जेम्स गार्डनर यांनी १९७३ मध्ये शोधनिबंधातून मांडलं. त्याला जोडलेलं दुसरं नाव ट्रेंट वेल्स यांचं. वेल्स वैद्यकीय उपकरणं घडवणारे यंत्रतज्ज्ञ होते. मेंदूच्या शस्त्रक्रियेत वापरल्या जाणाऱ्या आणखी एका चौकटीच्या नावातही ते आहेत. डॉक्टर आणि यंत्र घडवणारा, दोघांची नावं एका जोडचिन्हाने बांधलेली मला फार मोलाची वाटतात. हे उपकरण दोन प्रकारच्या हातांनी मिळून विचार केल्यावरच जन्माला येऊ शकतं.

आता त्याची घडण पाहा. डोक्यावरून एका कानापासून दुसऱ्या कानापर्यंत येणारी धातूची अर्धवर्तुळाकार कमान. तिच्या दोन्ही टोकांना आटे पाडलेली भोकं, त्यांत एकेक टोकदार स्क्रू. कमानीच्या मध्यावर दोरी अडकवायची सोय. बस्स, एवढंच. पण हे स्क्रू आडवे सरळ नाहीत. ते आत जाताना किंचित वर झुकलेले आहेत. आणि ते बसतात कानाच्या वरच्या कडेच्या साधारण एक सेंटीमीटर वर, म्हणजे डोक्याच्या सर्वांत रुंद भागाच्या खाली. या दोन निर्णयांत सगळी रचना सामावली आहे. त्यामुळे वजन जितकं वाढेल तितकी टोकं हाडाला अधिक घट्ट धरतात. क्रचफिल्डच्या चिमट्यात ओढ ही पकडीची शत्रू होती. इथे ती पकडीची मैत्रीण झाली. भोकं पाडावी लागत नाहीत. जागा स्वच्छ करायची, हाडावरच्या आवरणापर्यंत भूल द्यायची आणि दोन्ही स्क्रू एकाच वेळी बोटांनी फिरवायचे. जागेच्या निवडीतही अर्थ आहे. कानाच्या छिद्राच्या रेषेत बसवले तर ओढ सरळ मिळते, किंचित मागे घेतले तर मान पुढे वाकते, किंचित पुढे घेतले तर मागे झुकते.

आणि मग येतो या रचनेचा सर्वांत सुंदर भाग. दोनपैकी एका स्क्रूच्या पोटात स्प्रिंग आहे. टोक हाडावर दाबलं जाऊ लागलं की स्प्रिंग दबते आणि स्क्रूच्या मागच्या सपाट पृष्ठभागातून एक बारीक दांडी बाहेर डोकावू लागते. ती एक मिलिमीटर बाहेर आली की थांबायचं. त्या क्षणी हाडावर साधारण तेरा-चौदा किलोच्या भाराइतका दाब असतो: पकड सुटू नये इतका, आणि टोक बाहेरच्या थरातच राहावं इतका. कानावरचं हाड पातळ असतं. त्यापलीकडे मेंदू आहे. चाकणच्या असेंब्ली लाइनवर टॉर्क रेंचने नट आवळणाऱ्या कुणालाही हे लगेच कळेल. ठरलेला जोर लागला की पाना ‘कट्’ असा आवाज करतो आणि हात थांबतो, कारण ढिला नट आणि जास्त आवळलेला नट दोन्ही घातकच. गार्डनर-वेल्समध्ये तो आवाज नाही, तिथे डोळ्यांना दिसणारी खूण आहे. अनुभवी सर्जन असो की पहिल्या वर्षाचा निवासी डॉक्टर, रात्रीचे दोन असोत की दुपारचे, दाब एकच. बळाचा अंदाज माणसाच्या मर्जीवर न सोडता तो वस्तूतच घडवून ठेवणं, यात मला रुग्णाविषयीचा खोल आदर दिसतो.

वजन लावण्याची रीतही त्याच संयमाने चालते. सुरुवात साधारण साडेचार किलोने. मग थोडं थोडं वाढवत जायचं आणि प्रत्येक वाढीनंतर एक्स-रे घ्यायचा, हातापायांची ताकद आणि संवेदना तपासायची. पलंगाची डोक्याकडची बाजू उंच केलेली असते, म्हणजे रुग्णाच्या शरीराचंच वजन विरुद्ध दिशेने ओढ धरून ठेवतं. आणि रुग्ण जागा असतो. त्याला विचारत राहतात, बोटं हलतायत का, मुंग्या वाढल्या का, कमी झाल्या का. उपचार चालू असताना त्याचं उत्तर हेच सर्वांत विश्वासाचं माप असतं. सांधा सुटून मणके रांगेत आले की वजन लगेच उतरवतात. मग फक्त जागा टिकवण्यापुरता भार पुरतो. दुसऱ्या दिवशी एकदा ती दांडी पुन्हा एक मिलिमीटरवर आणायची, त्यानंतर स्क्रू आवळत बसायचं नाही.

चांगल्या कृतीला आपली मर्यादाही ठाऊक असते. कवटी आणि पहिला मणका यांच्यामधलाच जोड तुटला असेल तर हीच ओढ जीवघेणी ठरते, तिथे हे वजन लावत नाहीत. आता धातूच्या पट्ट्या बसवून मणके पक्के करणाऱ्या शस्त्रक्रिया आल्यामुळे, पूर्वी आठवडेच्या आठवडे चालणारं वजन बहुतेकदा काही तासांचा टप्पा झालं आहे. त्या तासांना मात्र मोल आहे. उत्तर अमेरिकेतल्या सहा केंद्रांवर झालेल्या, २०१२ मध्ये प्रसिद्ध झालेल्या अभ्यासात २४ तासांच्या आत रज्जूवरचा दाब काढलेल्या रुग्णांमध्ये मोठ्या सुधारणेची शक्यता जास्त आढळली. तरीही कायमची इजा झालेला रज्जू कोणत्याही वजनाने पूर्ववत होत नाही. तिथून पुढचं काम पुनर्वसनाचं. चाकणपासून फार लांब नसलेल्या खडकीत जखमी सैनिकांसाठीचं पॅराप्लेजिक रिहॅबिलिटेशन सेंटर १९७४ पासून ते करत आहे. १९६५ च्या युद्धात पाठीच्या कण्यात गोळी बसलेल्या मुरलीकांत पेटकर यांनी १९७२ मध्ये हायडेलबर्गच्या पॅरालिम्पिकमध्ये पोहण्यात सुवर्णपदक जिंकलं आणि पुण्याच्या टेल्कोत नोकरीही केली. कण्याची दुखापत म्हणजे आयुष्याचा शेवट, असं म्हणणाऱ्यांना एवढं एक आयुष्य पुरेसं उत्तर आहे.

पण टाँग्जपर्यंत पोहोचण्याआधी रुग्ण इतर हातांतून जातो. पुणे-नाशिक रस्त्यावर तळेगाव चौक, आंबेठाण चौक इथे कंटेनर, कंपन्यांच्या बस, कांद्याचे ट्रक आणि शिफ्टला निघालेल्या दुचाक्या एकाच वेळी असतात. पडलेल्या माणसाला मदत करायला धावणाऱ्यांची इथे कमी नाही. दोघे हात धरतात, दोघे पाय धरतात आणि त्याला समोर थांबलेल्या रिक्षात बसवतात. माया खरी असते, पण तेवढ्यात मान लोंबकळते, आणि रस्त्यावर न दाबलेला रज्जू उचलताना दाबला जाऊ शकतो. श्वास चालू असेल आणि आगीचा किंवा गाडीखाली येण्याचा धोका नसेल, तर त्याला हलवू नये. एकाने डोक्याशी बसून दोन्ही तळव्यांनी डोकं आहे त्या रेषेत धरून ठेवावं, दुसऱ्याने १०८ ला फोन करावा. हेल्मेट घाईने ओढून काढू नये.

हे शिकवायची व्यवस्था इथे उभी करणं अवघड नाही. १९४८ च्या कारखाने अधिनियमाने दर १५० कामगारांमागे प्रथमोपचार पेटी आणि ती सांभाळणारा प्रशिक्षित माणूस अशी अपेक्षा ठेवली होती. चाकणच्या वसाहतीत असे किती तरी लोक रोज याच चौकांतून घरी जातात. त्यांच्या प्रशिक्षणात मान धरण्याचा सराव मनापासून व्हावा, प्रत्येक शिफ्टमधल्या दोघा-चौघांचे हात त्यात तयार व्हावेत. किती जोर लावायचा आणि कुठे थांबायचं, हे इथला कामगार यंत्राच्या बाबतीत रोज पाळतो. गार्डनर आणि वेल्स यांनी तीच शिस्त माणसाच्या कवटीपर्यंत नेली. ती रस्त्यावर पडलेल्या माणसाच्या मानेपर्यंत नेणं आपल्या हातात आहे.