सिरानोची उशिराची कबुली

एदमाँ रोस्ताँच्या १८९७ सालच्या ‘सिरानो द बर्जेराक’चा शेवट बघा. मोठ्या नाकाच्या न्यूनगंडापायी सिरानोनं स्वतःचं प्रेम ख्रिस्तियाँच्या नावानं पत्रांत ओतलेलं. ख्रिस्तियाँ लढाईत गेला. पंधरा वर्षांनी मठात रॉक्सान त्याचं शेवटचं पत्र सिरानोच्या हाती देते. अंधार पडतो, अक्षरं दिसेनाशी होतात, तरी हा वाचतोच आहे! ती ओळखते. आणि हा? चक्क नाही म्हणतो. म्हणजे आपण जिला कबुली समजून डोळे पुसतो, ते खरं तर पकडलं जाणं आहे. आपल्याला गुपित आधीपासून ठाऊक, म्हणून गोड लागतं. रॉक्सानचं काय? लोक याला त्याग म्हणतात. मला नाही म्हणवत. होकार-नकाराची संधीच त्यानं तिला दिली नाही. कळलं तेव्हा हा मरायला टेकलेला.