अमानतीचा उजेड

इंग्रज लेखक जे. आर. आर. टॉल्किन १९७३ साली वारले आणि त्यांच्या आयुष्यभराच्या कागदांतून मुलगा ख्रिस्तोफर याने १९७७ साली ‘द सिल्मारिलियन’ हा ग्रंथ सिद्ध केला. ‘द लॉर्ड ऑफ द रिंग्ज’चे चित्रपट पाहिलेले आपल्यात पुष्कळ आहेत, त्या कथेच्या हजारो वर्षे आधीची हकीकत सांगणारे हे पुस्तक मात्र थोड्यांनीच पुरे केले असेल. नावांची गर्दी एवढी, की आम्हीही दोनदा अर्ध्यावर सोडले. तिसऱ्या वेळी धरून ठेवले ते फेआनोर या कारागिराने आणि त्याने घडवलेल्या तीन सिल्मारिलांनी.

त्यांना रत्ने म्हणण्याचा प्रघात आहे. आम्ही त्यांना उजेडाची शिल्पे म्हणू. सूर्य-चंद्र अजून निर्माण व्हायचे होते तेव्हा त्या दुनियेतल्या देवभूमीवर दोन झाडांचा उजेड पडे, एकाचा रुपेरी, दुसऱ्याचा सोनेरी. एक मंदावू लागले की दुसरे उजळे आणि मधल्या घटकेला दोन्ही उजेड मिसळत. फेआनोरने तो मिसळलेला उजेड स्फटिकात धरला. स्फटिक म्हणजे नुसते शरीर, जीव आतला. अंधाऱ्या तळघरातही तो स्वतःच्या तेजाने जागा राही आणि बाहेरचा प्रकाश मिळाला की तो पिऊन अनेक रंगांत परत देई. पैलू किती, वजन किती, हे टॉल्किन सांगतच नाहीत. ते दाखवतात ती पाहणाऱ्यांची अवस्था, आणि त्यातून वस्तू आपल्या डोळ्यांपुढे उभी राहते. वर्णनाची हाव आवरणे हा मोठा संयम आहे. आपल्याकडच्या अनेक ऐतिहासिक कादंबरीकारांना तो साधलेला नाही.

उर्दू शिकवणाऱ्याला इथे दोन शब्द आठवल्यावाचून राहत नाहीत. ‘नूर’ आणि ‘नार’, म्हणजे उजेड आणि आग. अरबीत दोन्हींचा धातू एकच. फेआनोर या नावाचा अर्थच मुळी ‘अग्नीचा आत्मा’. त्याच्या हाती नूर आला. पुढे तारका घडवणाऱ्या वार्दाने त्या रत्नांना पावित्र्य दिले. पापी हाताने शिवले तर ती भाजणार. मालक बदलला की नूराची नार होते.

पण पहिला मालक तरी खरा मालक होता काय? स्फटिक त्याचा, हुनर त्याचे, उजेड झाडांचा. ती अमानत होती. सुरुवातीला तो मोठ्या समारंभात रत्ने कपाळी मिरवी, मग कुलुपात ठेवू लागला, आणि आतला उजेड आपला नाही हे हळूहळू विसरला. अशात मेल्कोर आणि कोळ्याच्या रूपातली उंगोलियांत यांनी झाडे मारली. झाडे रुजवणारी यावान्ना म्हणाली, सिल्मारिलांतला थोडा उजेड मिळाला तर मुळे वाळण्याआधी झाडे जगवता येतील. म्हणजे रत्ने फोडावी लागणार. फेआनोर नाही म्हणाला. काही कामे कारागिराच्या हातून एकदाच होतात. ती मोडली तर तोही मोडतो, असा त्याचा युक्तिवाद. तोवर निरोप येतो, की मेल्कोरने त्याच्या बापाला ठार करून रत्ने कधीच पळवली आहेत.

आठवीच्या वर्गात आम्ही ही कथा सांगितली, तेव्हा मागच्या बाकावरची एक मुलगी म्हणाली, “सर, रतन तो पहलेच चोरी हो गये थे. फिर ना बोला तो क्या बिगडा?”

प्रश्न बिनतोड होता. फेआनोरने होकार दिला असता तरी झाडे वाचणार नव्हती. लेखक स्वतः एवढेच सुचवतो, की होकार दिला असता तर त्याची पुढची कृत्ये कदाचित वेगळी झाली असती. हे आम्ही मुलीला सांगितले. तिचे समाधान झाले नाही. आमचेही झाले नव्हते.

उत्तर थोडी पाने पुढे आहे. चोराच्या मागे समुद्रापार जायला फेआनोरला जहाजे हवी असतात. ती तेलेरी लोकांकडे आहेत, हंसांच्या आकाराची, हातांनी घडवलेली. त्यांचा राजा ओल्वे म्हणतो, तुम्हाला जशी तुमची रत्ने तशी आम्हाला ही जहाजे. पुन्हा अशी आमच्या हातून होणार नाहीत. फेआनोरचेच शब्द जणू त्याला परत मिळतात, आणि त्याला ते ओळखूही येत नाहीत. तो कत्तल करून जहाजे घेतो आणि पलीकडे पोचल्यावर त्यांना आग लावतो. कारागिराचा हक्क त्याने स्वतःपुरता मागितला होता. टॉल्किन इथे एका वाक्याचीही टिप्पणी करत नाहीत, दोन प्रसंग शेजारी ठेवून पुढे जातात. संपूर्ण पुस्तकात आम्हाला यापेक्षा मोठी जागा सापडली नाही.

तक्रार एकच. फेआनोरची बायको नेर्दानेल स्वतः शिल्पकार. तिचे पुतळे इतके हुबेहूब, की न जाणणारा मित्र समजून त्यांच्याशी बोलू लागे. पण हे कळते १९९३ साली छापलेल्या जुन्या टिपणांतून. १९७७च्या ग्रंथात तिच्या वाट्याला जेमतेम काही ओळी. उजेड कोंडणाऱ्या नवऱ्याबद्दल तिचे मत काय होते, ते ऐकायला आम्ही काहीही दिले असते.

शेवटी एक रत्न आकाशात तारा होते. उरलेली दोन फेआनोरचे मुलगे बापाचा वारसा म्हणून उचलतात, आणि त्यांचे हात भाजतात. एक जण रत्नासकट आगीच्या दरीत उडी घेतो, दुसरा आपले समुद्रात भिरकावतो. आकाशातल्या ताऱ्याचा उजेड मात्र हजारो वर्षांनी गॅलाड्रिएल कारंज्याच्या पाण्यात धरते आणि कुपीत भरून फ्रोडोला देऊन टाकते. उंगोलियांतच्याच वंशातल्या शेलॉबसमोर ती कुपी सॅमच्या हाती येते. सॅम पेशाने माळी. त्याचा हात भाजत नाही.

वर्गात हे सांगितल्यावर त्या मुलीने विचारले, कुपी शेवटी कोणाकडे राहिली? जहाजातून दूर जाणाऱ्या फ्रोडोच्या हातात ती लुकलुकली आणि दिसेनाशी झाली, असे आम्ही सांगितले. ती गप्प राहिली. मग तास संपल्याची घंटा झाली.