ऑलिव्ह ऑइल, फोडणी आणि एक पेपर: निष्कर्ष किती ताणायचा?

डोंबिवलीत आमच्या ओट्यावर ऑलिव्ह ऑइलची बाटली गॅसच्या अगदी शेजारी असते. मागच्या महिन्यात आईने चमचाभर चाखून विचारलं, "कडू लागतंय रे, खराब झालं का? टाकून देऊ?" मी नुकताच एक पेपर वाचलेला. ऐटीत म्हणालो, "अगं, गरम करूनही हेच तेल सगळ्यांत टिकतं. सिद्ध झालंय." माझं उत्तर चुकीचं होतं, आणि चूक पेपर वाचण्यातली होती. तुम्ही पीएच.डी.च्या तयारीत असाल तर हीच चूक लिटरेचर रिव्ह्यूमध्ये कराल, म्हणून लिहितोय.

पेपर २०१८ चा, 'अ‍ॅक्टा सायंटिफिक न्यूट्रिशनल हेल्थ'मधला, डी अल्झा, गिलॉम आणि रावेत्ती या ऑस्ट्रेलियातल्या संशोधकांचा. त्यांनी बाजारातली दहा प्रकारची तेलं घेतली. त्यात आपली शेंगदाणा, सूर्यफूल, खोबरेल, राइस ब्रानही होती. एकदा तापमान हळूहळू २४०° सेल्सियसपर्यंत नेलं, एकदा १८०° वर सहा तास ठेवलं. एक्स्ट्रा व्हर्जिन ऑलिव्ह ऑइलमध्ये पोलर कंपाउंड्स सगळ्यांत कमी तयार झाले.

आधी चांगलं काय ते सांगतो. 'स्मोक पॉइंट जास्त म्हणजे तेल चांगलं' ही समजूत या पेपरने नीट तपासली. धूर कधी येतो यावरून तेल किती बिघडेल हे कळत नाही, हा मुद्दा पटतो. त्यामागे कारणही आहे: ऑलिव्ह तेलात ओलेइक अ‍ॅसिड भरपूर असतं आणि ते लिनोलेइकपेक्षा खूप हळू ऑक्सिडाइज होतं. शिवाय फिनॉल्स आणि व्हिटॅमिन ई मदतीला असतात. मोजलेली गोष्टही कामाची आहे. आपल्याकडे एफएसएसएआयने १ जुलै २०१८ पासून तळणीच्या तेलात पोलर कंपाउंड्सची मर्यादा २५ टक्के ठेवली आहे.

आता अडचणी बघा. एक, तेल नुसतंच तापवलं, त्यात काही तळलं नाही. ठाण्या-कल्याणच्या स्टेशनबाहेरच्या कढईत वड्यासोबत पाणी, मीठ, बेसनाचा चुरा पडतो, आणि पाण्यामुळे हायड्रोलिसिसही होतं. ती कढई या प्रयोगात नाहीच. दोन, लेखक ज्या प्रयोगशाळेचे, ती ऑलिव्ह तेल बनवणाऱ्या उद्योगाशी जोडलेली आहे. एवढ्यावरून आकडे खोटे ठरत नाहीत. पण तेलाची निवड कोणी केली, प्रत्येक प्रकारच्या किती बाटल्या तपासल्या, हे प्रश्न जास्त काटेकोरपणे विचारायला हवेत.

तिसरी अडचण माझी स्वतःची. पेपरचा प्रश्न होता, तापवल्यावर काय होतं? आईचा प्रश्न होता, उघडून ठेवलेली बाटली बिघडली का? उजेड, हवा आणि गॅसशेजारची ऊब यांनी महिनोन्‌महिने होणारं ऑक्सिडेशन सहा तासांच्या प्रयोगात दिसत नाही. मी एका प्रश्नाचं उत्तर दुसऱ्याला चिकटवलं.

मग बिघडलेलं ओळखायचं कसं? 'कडू' आणि 'खवट' हे दोन शब्द आपल्याकडे आहेत, ते वेगळे ठेवा. ताज्या एक्स्ट्रा व्हर्जिन तेलाचा कडवटपणा आणि घशातली हलकी झिणझिण फिनॉल्समुळे येते, ती चांगली खूण आहे. जुनं सुकं खोबरं किंवा तळाशी उरलेला चिवडा यांच्यासारखा वास आला, तर तेल खवट झालंय. फ्रिजमध्ये ते गढूळ होतं, तो बिघाड नाही. आणि लॅबमध्येही फसायला जागा आहे: पेरॉक्साइड व्हॅल्यू आधी वाढते, मग पेरॉक्साइड्स तुटून आल्डिहाइड्स झाले की उतरते. नुसता कमी आकडा बघून 'ताजं' म्हणाल, तर कदाचित फार जुनं तेल पास कराल.

आमच्या बाटलीला खवट वास नव्हता, नुसताच कडवटपणा होता. तेल टाकलं नाही, बाटली गॅसपासून उचलून बंद कपाटात ठेवली.

तुम्ही पुढचा पेपर घ्याल तेव्हा समासात दोन ओळी लिहा: यांनी नेमकं काय मोजलं, आणि मला काय हवंय? दोन्ही जुळत नसतील, तर तो पेपर तुमच्या वाक्याला आधार म्हणून जोडू नका. गाईडने व्हायवाच्या आधी हे विचारलं तर बरंच, पण मला ते आईने चमचा हातात धरून विचारलं.